डायना गोल्डन

डायना गोल्डन ब्रॉस्निहान (जन्म : केंब्रिज, मॅसेच्युसेट्स, २० मार्च १९६३, मृत्यू : प्रॉव्हिडन्स, ऱ्होड आयलंड, २५ ऑगस्ट २००१) या अमेरिकन अल्पाइन स्कीपटू होत्या. वयाच्या बाराव्या वर्षी हाडाच्या कर्करोगामुळे त्यांचा उजवा पाय गुडघ्याच्या वरून कापावा लागला. त्यानंतर एका पायावर स्कीइंग करीत त्यांनी १९८६ ते १९९० या काळात दिव्यांगांच्या जागतिक स्तरावरील स्पर्धांत दहा आणि अमेरिकेच्या राष्ट्रीय स्पर्धांत एकोणीस विजेतेपदे मिळवली. १९८८ सालच्या कॅल्गरी हिवाळी ऑलिंपिकमध्ये प्रात्यक्षिक खेळ म्हणून घेतलेल्या दिव्यांगांच्या जायंट स्लालम शर्यतीत त्यांनी सुवर्णपदक पटकावले. दिव्यांग खेळाडूकडे दयेचा किंवा कौतुकाचा विषय म्हणून न पाहता खेळाडू म्हणूनच पाहिले जावे, या भूमिकेचा त्यांनी सातत्याने पुरस्कार केला. अमेरिकेतील स्कीशर्यतींच्या नियमांत त्यांच्या प्रयत्नांमुळे झालेला बदल 'गोल्डन नियम' या नावाने ओळखला जातो.

प्रारंभिक जीवन

डायना यांचे बालपण मॅसेच्युसेट्स राज्यातील लिंकन या गावी गेले. त्यांच्या कुटुंबाला स्कीइंगची आवड होती. न्यू हॅम्पशायरमधील कॅनन पर्वताच्या उतारांवर हे कुटुंब हिवाळ्यात जात असे आणि तेथेच वयाच्या पाचव्या वर्षी डायना स्कीइंग शिकल्या. लहानपणी आपण विशेष खेळाडूवृत्तीच्या नव्हतो. शाळेत संघ निवडताना आपले नाव शेवटी येत असे, असे त्या पुढे सांगत. स्कीइंग हा मात्र त्यांच्या मनापासून आवडीचा खेळ होता.

१९७५ साली, बारा वर्षांच्या असताना, बर्फात खेळून घरी परतत असताना त्यांचा उजवा पाय अचानक शरीराचा भार पेलेनासा झाला आणि त्या कोसळल्या. तपासणीत हाडाच्या कर्करोगाचे निदान झाले. रोग पसरू नये म्हणून पाय गुडघ्याच्या वरून काढून टाकणे आवश्यक ठरले. हा निर्णय कळल्यावर त्यांनी डॉक्टरांना आपल्याला पुन्हा स्कीइंग करता येईल का, असे विचारले. डॉक्टरांनी होकारार्थी उत्तर दिले. शस्त्रक्रियेनंतर वर्ष उलटण्यापूर्वीच त्या एका स्कीवर पुन्हा हिमउतारावर उभ्या राहिल्या.

शालेय वयात प्रारंभी त्या केवळ हौसेखातर स्कीइंग करीत. लिंकन-सडबरी विभागीय माध्यमिक शाळेत शिकत असताना शाळेच्या स्कीसंघाच्या प्रशिक्षकांनी त्यांना संघाबरोबर सराव करण्याचे निमंत्रण दिले. त्या संघातील इतर सर्व विद्यार्थी दोन पायांचे होते. स्पर्धात्मक स्कीइंगकडे डायना गंभीरपणे वळल्या त्या येथपासून. सतरा वर्षांच्या असताना त्या नॉर्वेत झालेल्या दिव्यांगांच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या, तर १९८२ सालच्या दिव्यांगांच्या जागतिक स्कीस्पर्धेत त्यांनी डाउनहिल शर्यत जिंकली.

एका पायावरील स्कीइंग : पार्श्वभूमी

पाय गमावलेल्या व्यक्तींच्या स्कीइंगची सुरुवात मुख्यतः दुसऱ्या महायुद्धाच्या काळात जर्मनी आणि ऑस्ट्रिया या देशांत झाली. युद्धात जायबंदी झालेल्या सैनिकांनी कुबड्यांच्या टोकांना लहान स्की बसवून उतारावरून घसरण्याचे तंत्र विकसित केले. एक पूर्ण लांबीची स्की आणि कुबड्यांच्या टोकांच्या दोन लहान स्की यांच्यामुळे बर्फावर तीन रेषा उमटतात. म्हणून या प्रकाराला 'तीन रेषांचे स्कीइंग' असे नाव पडले. या कुबड्यांना 'आउटरिगर' म्हणतात. त्यांचा उपयोग तोल सांभाळण्यासाठी, वळण घेण्यासाठी आणि वेग कमी करण्यासाठी होतो.

अमेरिकेत या खेळाचा प्रसार व्हिएतनाम युद्धातून परतलेल्या जखमी सैनिकांमुळे झाला. १९६७ साली अशा माजी सैनिकांनी स्थापन केलेली संस्था पुढे दिव्यांगांच्या क्रीडाक्षेत्रातील देशव्यापी संघटना बनली. १९७० साली कोलोरॅडोतील विंटर पार्क येथे हॅल ओ'लिअरी या प्रशिक्षकांनी डेन्व्हरच्या बालरुग्णालयातील अवयव गमावलेल्या मुलांना स्कीइंग शिकवण्यास सुरुवात केली. त्या उपक्रमातून पुढे दिव्यांगांसाठीचे एक मोठे क्रीडाकेंद्र उभे राहिले. पहिली हिवाळी पॅरालिंपिक स्पर्धा १९७६ साली स्वीडनमधील अर्न्शल्ड्सविक येथे भरली. डायना यांच्यावर शस्त्रक्रिया झाली ती त्याच्या आदल्याच वर्षी.

दिव्यांग स्कीपटूंचे त्यांच्या शारीरिक मर्यादेनुसार वर्गीकरण केले जाते. ज्यांचा एक पाय गुडघ्याच्या वरून नाही आणि जे एकाच स्कीवर उभे राहून शर्यत करतात, अशा खेळाडूंचा समावेश 'एलडब्ल्यू २' या वर्गात होतो. डायना याच वर्गातून खेळत.

या वर्गातील खेळाडूपुढचा तांत्रिक प्रश्न वळणांचा असतो. दोन पायांचा स्कीपटू प्रत्येक वळणावर बाहेरच्या बाजूच्या पायावर भार टाकतो आणि त्या पायाच्या अंगठ्याकडील कडेने बर्फ कापतो. दुसरा पाय आधाराला असतो. केवळ डावा पाय असलेल्या खेळाडूला उजवीकडे वळताना ही सोय मिळते. डावीकडे वळताना मात्र त्याच पायाच्या करंगळीकडील कडेवर संपूर्ण भार घ्यावा लागतो आणि तोल गेल्यास सावरायला दुसरा पाय नसतो. डायना यांनी प्रारंभी आउटरिगर वापरले. पुढे त्यांनी ते सोडून दिले आणि दोन पायांचे स्कीपटू वापरतात तशा साध्या काठ्या घेऊन त्या शर्यती करू लागल्या. आउटरिगरमुळे स्थैर्य मिळते, परंतु बर्फाशी होणारे त्यांचे घर्षण वेग कमी करते. साध्या काठ्यांनी वेग वाढला. मात्र तोल सांभाळण्याची सारी जबाबदारी एका पायावर आली. डाउनहिल शर्यतीत त्या ताशी सुमारे शंभर किलोमीटर वेगाने उतरत असत.

शिक्षण आणि खेळातील खंड

डायना यांनी न्यू हॅम्पशायरमधील डार्टमथ महाविद्यालयात इंग्रजी साहित्याचे शिक्षण घेतले. तेथील स्कीसंघाबरोबर त्या सराव करीत. संघातील इतर खेळाडू मैदानाला फेऱ्या मारत तेव्हा त्या कुबड्या घेऊन त्यांच्यामागे धावत आणि इतर जण प्रेक्षागाराच्या पायऱ्या धावत चढत-उतरत तेव्हा त्या एका पायावर उड्या मारीत त्या पार करीत.

तथापि सततच्या स्पर्धांचा त्यांना शीण आला आणि महाविद्यालयीन काळातच त्यांनी स्पर्धात्मक स्कीइंग थांबवले. १९८४ साली पदवी घेतल्यानंतर त्यांनी संगणक सॉफ्टवेअरच्या विक्रीची नोकरी पत्करली. काही काळाने हौस म्हणून त्या पुन्हा उतारावर गेल्या आणि खेळाची ओढ कायम असल्याचे त्यांच्या लक्षात आले. १९८५ साली त्या स्पर्धांमध्ये परतल्या.

स्पर्धात्मक कारकीर्द

पुनरागमनानंतरची पाच वर्षे हा डायना यांच्या कारकिर्दीचा सर्वोत्तम काळ होय. १९८६ साली त्यांना अमेरिकन स्की संघटनेचा बेक पुरस्कार मिळाला. आंतरराष्ट्रीय स्कीइंगमध्ये उत्कृष्ट कामगिरी करणाऱ्या अमेरिकन शर्यतपटूला दिला जाणारा हा पुरस्कार केवळ दिव्यांगांसाठी नव्हता. १९८७ साली दोन पायांच्या नामवंत महिला स्कीपटूंचा सहभाग असलेल्या एका अधिकृत शर्यतीत त्यांनी दहावा क्रमांक मिळवला.

जानेवारी १९८८ मध्ये ऑस्ट्रियातील इन्सब्रुक येथे झालेल्या हिवाळी पॅरालिंपिक स्पर्धेत त्यांनी डाउनहिल आणि जायंट स्लालम या दोन शर्यतींत सुवर्णपदके मिळवली. त्यानंतर महिन्याभरातच कॅनडातील कॅल्गरी येथे हिवाळी ऑलिंपिक स्पर्धा सुरू झाल्या. तेथे दिव्यांगांच्या अल्पाइन स्कीइंगचा समावेश प्रात्यक्षिक खेळ म्हणून करण्यात आला होता. महिलांच्या जायंट स्लालम शर्यतीत डायना यांनी प्रथम क्रमांक पटकावला. प्रात्यक्षिक खेळांतील पदके देशांच्या अधिकृत पदकतालिकेत धरली जात नाहीत. त्यामुळे हे यश त्या तालिकेत दिसत नाही. असे असले, तरी ऑलिंपिकच्या व्यासपीठावर आणि तेथे जमलेल्या जगभरातील पत्रकारांसमोर एका पायाच्या स्कीपटूची शर्यत होणे, ही त्या काळी लक्षणीय घटना होती.

त्याच वर्षी अमेरिकन ऑलिंपिक समितीने त्यांची वर्षातील सर्वोत्कृष्ट महिला स्कीपटू म्हणून निवड केली. 'स्की रेसिंग' या नियतकालिकानेही त्यांना अमेरिकेतील वर्षातील सर्वोत्कृष्ट महिला अल्पाइन स्कीपटू ठरवले. या दोन्ही निवडी दिव्यांग आणि सुदृढ अशा सर्व खेळाडूंचा एकत्रित विचार करून झाल्या होत्या. १९९० साली डायना स्पर्धात्मक स्कीइंगमधून निवृत्त झाल्या.

गोल्डन नियम

अल्पाइन स्कीशर्यतीत खेळाडू एकामागून एक, ठरलेल्या क्रमाने उतरतात. प्रत्येक खेळाडूगणिक मार्ग खराब होत जातो. फाटकांभोवती एकाच ठिकाणी वळणे घेतली गेल्याने बर्फात खोल चाकोऱ्या पडतात. सर्वसाधारण प्रथेनुसार मानांकित खेळाडू आधी आणि नवोदित शेवटी उतरत असल्याने, खुल्या शर्यतीत भाग घेणाऱ्या दिव्यांग खेळाडूच्या वाट्याला सर्वांत उखडलेला मार्ग येत असे. दोन पायांचा खेळाडू एक स्की चाकोरीत अडकली तर दुसरीवर भार घेऊन सावरू शकतो. एका पायाच्या खेळाडूला तो पर्याय नसतो. त्यामुळे अशा शर्यतीत त्याची गुणवत्ता दिसण्यापूर्वीच मार्गाची अवस्था निकाल ठरवीत असे.

डायना यांनी हा प्रश्न अमेरिकन स्की संघटनेपुढे मांडला. १९८५ साली संघटनेने आपल्या मान्यताप्राप्त शर्यतींमध्ये अव्वल दिव्यांग स्कीपटूंसाठी प्रारंभक्रमातील काही जागा राखून ठेवणारा नियम केला. पहिल्या मानांकित गटानंतर, मार्ग पूर्णपणे खराब होण्यापूर्वी, त्यांना उतरण्याची संधी मिळू लागली. डायना यांच्या आडनावावरून हा नियम 'गोल्डन नियम' या नावाने रूढ झाला.

या नियमाने दिव्यांग खेळाडूंना वेळेत कोणतीही सूट दिली नाही किंवा त्यांच्यासाठी मार्ग सोपा केला नाही. घड्याळ सर्वांसाठी तेच राहिले. स्पर्धेच्या अटी समान करणे आणि निकालात सवलत देणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हा भेद या नियमातून स्पष्ट झाला.

अनुकूलित क्रीडाप्रकारांविषयीची भूमिका

दिव्यांग व्यक्तींना सहभागी होता यावे म्हणून साधने, नियम किंवा प्रशिक्षणाची पद्धत यांत योग्य ते बदल केलेल्या खेळांना अनुकूलित क्रीडाप्रकार म्हणतात. प्रारंभीच्या काळात या खेळांकडे मुख्यतः पुनर्वसनाचे साधन म्हणून पाहिले जाई. युद्धातील जखमी सैनिक किंवा शस्त्रक्रियेतून सावरणारी मुले यांना आत्मविश्वास मिळावा, हा त्यांचा हेतू असे. हा हेतू डायना यांना अमान्य नव्हता. परंतु तेवढ्यावर थांबणे त्यांना मान्य नव्हते. जो खेळाडू वर्षभर सराव करतो, ज्याला हरल्याचे दुःख होते आणि जिंकण्यासाठी जो धोका पत्करतो, त्याचे मूल्यमापन खेळाच्याच निकषांवर व्हावे, असे त्या मांडत.

वृत्तपत्रे आणि दूरचित्रवाणी त्यांचा उल्लेख 'धैर्यवान' आणि 'प्रेरणादायी' अशा विशेषणांनी करीत. ही विशेषणे त्यांना खटकत. स्कीइंग करणे हे धैर्याचे कृत्य नसून आपल्या आवडीचा आणि कौशल्याचा भाग आहे, असे त्यांचे म्हणणे होते. त्यांच्या मते अशा कौतुकात दिव्यांग व्यक्तीकडून फारशी अपेक्षा नसल्याचे गृहीत धरलेले असते.

हीच भूमिका त्यांनी आर्थिक बाबतीतही घेतली. त्या काळी दिव्यांग खेळाडूंचा प्रवास, साहित्य आणि प्रशिक्षण यांचा खर्च बहुधा देणग्यांतून किंवा स्वतःच्या खिशातून होत असे. डायना यांनी देणगी मागण्याऐवजी इतर व्यावसायिक खेळाडूंप्रमाणे कंपन्यांकडे प्रायोजकत्वाची मागणी केली आणि ते मिळवलेही. आपले नाव व कामगिरी यांचा कंपनीला लाभ होतो, म्हणून हा व्यवहार आहे, उपकार नव्हे, हा विचार त्यामागे होता. त्यांच्यानंतरच्या अनेक दिव्यांग खेळाडूंना या मार्गाने पूर्णवेळ खेळणे शक्य झाले.

निवृत्तीनंतरचा काळ आणि आजारपण

निवृत्तीनंतर डायना यांनी प्रस्तरारोहणास सुरुवात केली आणि व्याख्याती म्हणून देशभर प्रवास केला. विविध उद्योगसमूह आणि संस्था यांच्यापुढे त्या आपले अनुभव मांडत. विनोदी आणि मोकळ्या शैलीमुळे त्यांची व्याख्याने लोकप्रिय झाली.

१९९२ सालच्या अखेरीस त्यांना स्तनाच्या कर्करोगाचे निदान झाले. शस्त्रक्रियेत त्यांचे दोन्ही स्तन काढावे लागले. पुढे झालेल्या तपासणीनंतर गर्भाशयही काढावे लागले आणि मूल होण्याची शक्यता संपली. आपल्याला मुले असावीत अशी त्यांची इच्छा होती; त्यामुळे हा आघात पाय गमावण्यापेक्षाही मोठा असल्याचे त्यांनी सांगितले. या काळात त्यांना तीव्र नैराश्याने ग्रासले आणि त्यांनी आत्महत्येचा प्रयत्न केला. त्यातून त्या बचावल्या.

या घटनेविषयी त्या नंतर जाहीरपणे बोलल्या. संकटांवर लीलया मात करणारी व्यक्ती अशी त्यांची जनमानसातील प्रतिमा होती आणि त्यांची व्याख्यानेही त्या प्रतिमेशी जोडलेली होती. आपली निराशा, भीती आणि इतरांच्या आधाराची गरज त्यांनी श्रोत्यांपुढे उघडपणे मांडली, तेव्हा त्या प्रतिमेलाच छेद गेला. स्वतःच्या सामर्थ्यावर सर्व काही जिंकता येते, हा आपला पूर्वीचा विश्वास अपुरा होता, अशी कबुली त्यांच्या उत्तरकाळातील विचारांत आढळते. यशस्वी दिव्यांग व्यक्तीकडून सदैव प्रसन्न आणि कणखर असण्याची केली जाणारी अपेक्षा हादेखील एक प्रकारचा दबाव असतो, हे त्यांच्या अनुभवातून पुढे आले.

१९९६ साली कर्करोग पुन्हा उद्भवला आणि या वेळी तो बरा होण्यासारखा नसल्याचे निष्पन्न झाले. १९९७ साली त्यांनी डार्टमथ येथील दिवसांपासून परिचित असलेल्या स्टीव्ह ब्रॉस्निहान यांच्याशी विवाह केला. आजाराचे स्वरूप दोघांनाही ठाऊक होते. विवाहानंतर त्यांचे वास्तव्य ऱ्होड आयलंडमधील ब्रिस्टल येथे होते. २५ ऑगस्ट २००१ रोजी प्रॉव्हिडन्स येथे वयाच्या अडतिसाव्या वर्षी त्यांचे निधन झाले.

पुरस्कार आणि सन्मान

१९८६ – अमेरिकन स्की संघटनेचा बेक पुरस्कार
१९८८ – अमेरिकन ऑलिंपिक समितीतर्फे वर्षातील सर्वोत्कृष्ट महिला स्कीपटू
१९८८ – 'स्की रेसिंग' नियतकालिकातर्फे वर्षातील सर्वोत्कृष्ट अमेरिकन महिला अल्पाइन स्कीपटू
१९९१ – महिला क्रीडा प्रतिष्ठानचा फ्लो हायमन पुरस्कार
१९९७ – अमेरिकेच्या राष्ट्रीय स्की कीर्तिदालनात समावेश
१९९७ – आंतरराष्ट्रीय महिला क्रीडा कीर्तिदालनात समावेश
२००६ – अमेरिकन ऑलिंपिक कीर्तिदालनात मरणोत्तर समावेश

वारसा

डायना गोल्डन यांच्या नावाने अमेरिकेत दिव्यांग स्कीपटूंसाठी एक शर्यतमालिका भरवली जाते. स्पर्धेचा अनुभव नसलेल्या नवोदित खेळाडूंना फाटकांच्या मार्गावर उतरण्याची पहिली संधी मिळावी, हा तिचा उद्देश आहे.

त्यांच्या हयातीतच दिव्यांगांच्या हिवाळी खेळांचे स्वरूप बदलू लागले. १९८८ साली हिवाळी ऑलिंपिक कॅल्गरीत आणि पॅरालिंपिक इन्सब्रुकमध्ये, म्हणजे दोन वेगळ्या खंडांत झाली होती. १९९२ साली प्रथमच फ्रान्समधील आल्बेरव्हिल परिसरात दोन्ही स्पर्धा एकाच यजमान प्रदेशात झाल्या आणि तेव्हापासून हिवाळी पॅरालिंपिक ऑलिंपिकच्याच यजमान स्थळी भरते. २००६ सालच्या तुरिन पॅरालिंपिकपासून अल्पाइन स्कीइंगमध्ये प्रत्येक वर्गाची स्वतंत्र शर्यत घेण्याऐवजी उभे राहून खेळणारे, बसून खेळणारे आणि दृष्टिबाधित असे तीनच गट करण्यात आले. आता एका पायाचे स्कीपटू एक हात नसलेल्या किंवा कृत्रिम पाय वापरणाऱ्या स्कीपटूंबरोबर एकाच गटात शर्यत करतात आणि वर्गानुसार ठरलेल्या गुणकाने त्यांच्या वेळेची तुलना होते.

समान अटींवर स्पर्धा कशी घ्यावी, हा डायना यांनी प्रारंभक्रमाच्या संदर्भात उपस्थित केलेला प्रश्न या गुणकपद्धतीच्याही मुळाशी आहे.

हेही पाहा

अल्पाइन स्कीइंग
हिवाळी पॅरालिंपिक
१९८८ हिवाळी ऑलिंपिक